अठराव्या वर्षाच्या आधी आणि नंतर

चि. मुलीस,
अनेक आशीर्वाद.

तुझे पत्र मिळाले. बारावीनंतर एकेरीचे बॅडमिंटन हाच व्यवसाय म्हणून पत्करावा का, हा प्रश्न तू योग्य वेळी विचारला आहेस. मात्र त्याच पत्रात तू लिहितेस की थायलंडची रत्चानोक इंतानोन 18व्या वर्षी जगज्जेती झाली, आणि तू 17व्या वर्षी अजून राज्य स्पर्धांतच अडकली आहेस, म्हणजे तुला उशीर झाला. त्या वाक्याचे उत्तर आधी द्यायला हवे. रत्चानोकची कारकीर्द मी अनेक वर्षे लक्षपूर्वक पाहत आलो आहे, आणि माझे मत असे आहे की तुझ्या उपयोगाचे जवळजवळ सगळे त्या 18व्या वर्षाच्या आधी किंवा नंतर घडले आहे. त्या एका वर्षाशी स्वतःची तुलना करून तू स्वतःवर अन्याय करत आहेस.

आधीचे आधी सांगतो. रत्चानोकचा जन्म 5 फेब्रुवारी 1995 चा, ईशान्य थायलंडमधल्या यासोथोनचा. तिचे आईवडील बँकॉकमधल्या बानथोंगयोद या मिठाईच्या कारखान्यात कामाला होते. अंड्याचा पिवळा बलक आणि साखरेचा पाक यांपासून तिथे थोंगयोद नावाची मिठाई बनते. उकळत्या पाकाच्या भांड्यांजवळ लहान मुलीने धावपळ करू नये म्हणून तिला कारखान्याच्या मालकीणबाईंच्या बॅडमिंटन शाळेत खेळायला पाठवले गेले. या मालकीणबाई, कमला थोंगकॉर्न, यांनी 1991 मध्ये मुख्यतः स्वतःच्या मुलांसाठी ही शाळा सुरू केली होती, आणि तिथे शिए जिहुआ हे चिनी प्रशिक्षक शिकवत होते. म्हणजे सहा-सात वर्षांच्या या मुलीला कोर्ट, शटल, प्रशिक्षक आणि तिच्या प्रगतीकडे आस्थेने पाहणारी एक मोठी व्यक्ती, हे सगळे घरापासून हाकेच्या अंतरावर मिळाले. तिची प्रतिभा असामान्य होती यात शंका नाही. पण तशीच प्रतिभा घेऊन दुसऱ्या कारखान्याच्या अंगणात वाढलेल्या मुलीचे नाव आपल्या कानावर कधी आलेच नसते. याच शाळेतून पुढे कुनलावुत वितिदसार्न तयार झाला, जो 2023 मध्ये पुरुष एकेरीचा जगज्जेता झाला आणि 2024 च्या पॅरिस ऑलिंपिकमध्ये ज्याने रौप्यपदक मिळवले. एकाच शाळेतून दोन जगज्जेते निघतात तेव्हा त्याचे श्रेय केवळ नशिबाला देता येत नाही. तू आपले वय मोजत बसली आहेस. त्याऐवजी तुझ्या सरावाची जागा, तुझा प्रशिक्षक आणि तुझ्यासोबत रोज खेळणाऱ्या मुली तुला पुरेशा आहेत का, हे आधी तपासून पाहा.

2009, 2010 आणि 2011 अशी सलग तीन वर्षे रत्चानोक कनिष्ठ गटाची जगज्जेती होती, आणि पहिले विजेतेपद मिळाले तेव्हा ती 14 वर्षांची होती. तिच्या त्या काळातल्या खेळात ताकदीपेक्षा मनगट अधिक होते. रॅकेट मागे नेण्याची हालचाल एकच, पण तिच्यातून सरळ ड्रॉप (नेटजवळ अलगद पडणारा फटका) येईल, तिरका ड्रॉप येईल, हाफ स्मॅश (कमी जोराचा स्मॅश) येईल की शटल मागच्या रेषेवर जाईल, हे प्रतिस्पर्ध्याला शेवटच्या क्षणापर्यंत कळत नसे. ही हुलकावणी लहानपणी हजारो वेळा तीच तीच कृती करूनच हाताला बसते. तुझे नेटवरचे हात चांगले आहेत, हे मी तुला पूर्वीही सांगितले आहे. सध्या तू प्रत्येक उंच शटल जोरात मारण्याच्या मागे लागली आहेस, ते मला पटत नाही. स्मॅशचा जोर व्यायामशाळेत पुढेही वाढवता येईल. पण एकाच हालचालीतून चार फटके काढण्याची सवय आत्ता लागली नाही तर नंतर फार महाग पडते.

आता 2013 कडे येतो, कारण तुझे लक्ष तिथेच खिळले आहे. त्या वर्षी मार्चमध्ये ती ऑल इंग्लंड या जुन्या, मानाच्या स्पर्धेच्या अंतिम फेरीत पोहोचली आणि डेन्मार्कच्या टिने बाउनकडून हरली. बाउन तेव्हा 33 वर्षांची होती, आणि ती तिची अखेरची स्पर्धा होती. निवृत्त होणाऱ्या खेळाडूने 18 वर्षांच्या मुलीला अंतिम सामन्यात हरवले, ही गोष्ट वयाची चिंता करणाऱ्या प्रत्येक खेळाडूने लक्षात ठेवावी अशी आहे. ऑगस्टमध्ये चीनमधल्या ग्वांगझू येथे जागतिक अजिंक्यपद स्पर्धेच्या उपांत्य फेरीत रत्चानोकने आपल्या पी. व्ही. सिंधूला 21-10, 21-13 असे हरवले, आणि अंतिम फेरीत ऑलिंपिक विजेत्या ली शुएरुईला तिच्याच देशातल्या प्रेक्षकांसमोर 22-20, 18-21, 21-14 असे नमवले. जागतिक एकेरी विजेत्यांमध्ये इतक्या लहान वयाचे तोपर्यंत कोणीही नव्हते, आणि थायलंडला बॅडमिंटनमधला जगज्जेता प्रथमच मिळाला होता.

त्यानंतर काय झाले, हे तुझ्या पत्रात नाही. पुढच्या वर्षी कोपनहेगनला तिला पदक मिळाले नाही. 2015, 2017 आणि 2018 च्या जागतिक स्पर्धांतही मिळाले नाही. पुढचे जागतिक पदक 2019 मध्ये बाझेलला मिळाले आणि ते कांस्य होते. त्याच स्पर्धेत सुवर्णपदक कोणाला मिळाले, हे तुला ठाऊकच आहे: सहा वर्षांपूर्वी जिला तिने ग्वांगझूत दोन सरळ गेममध्ये हरवले होते, त्या सिंधूला. दोघींचे जन्मवर्ष एकच. एकीला सर्वोच्च यश 18व्या वर्षी मिळाले, दुसरीला 24व्या वर्षी. सिंधूकडे ऑलिंपिकची दोन पदके आहेत आणि रत्चानोककडे एकही नाही. तरीही ज्यांना हा खेळ कळतो त्यांच्यापैकी कोणी रत्चानोकची कारकीर्द कमी मोलाची मानेल असे मला वाटत नाही.

ऑलिंपिकबद्दल थोडे अधिक लिहितो, कारण तिथले पराभव मला तिच्या विजयांपेक्षा अधिक शिकवून जातात. 2012 मध्ये लंडनला, 17व्या वर्षी, उपांत्यपूर्व फेरीत तिने चीनच्या वांग शिनविरुद्ध पहिला गेम जिंकला आणि सामना गमावला. 2016 मध्ये रिओला ती थायलंडची ध्वजवाहक होती. तिथे जपानच्या अकाने यामागुचीने तिला त्याही आधीच्या फेरीत हरवले. टोकियोत उपांत्यपूर्व फेरीत तैवानच्या ताय त्झू-यिंगविरुद्ध पहिला गेम 21-14 असा जिंकून पुढचे दोन्ही गेम तिने 18-21, 18-21 असे गमावले. पॅरिसला, 29व्या वर्षी, ती पुन्हा उपांत्यपूर्व फेरीपर्यंत आली आणि इंडोनेशियाच्या ग्रेगोरिया मारिस्का तुनजुंगकडून हरली. चार ऑलिंपिक आणि तीन वेळा पदकाच्या इतके जवळ जाऊन परतणे, हे सोसून पुन्हा सकाळच्या सरावाला उभे राहणे म्हणजेच हा व्यवसाय. तू जो व्यवसाय निवडू पाहत आहेस, त्यात जिंकण्याचे दिवस फार थोडे असतात. आठवडाभर चालणाऱ्या स्पर्धेत 32 खेळाडू उतरतात आणि त्यांतले 31 जण हरूनच घरी जातात.

तिचा सर्वांत उजळ काळ, माझ्या मते, 2016 चा वसंत होता. दिल्लीतली इंडिया ओपन, मग मलेशिया ओपन, मग सिंगापूर ओपन, अशा तीन सुपर सिरीज (तेव्हाच्या वरच्या दर्जाच्या मालिकेतल्या) स्पर्धा तिने लागोपाठच्या तीन आठवड्यांत जिंकल्या आणि एप्रिलमध्ये ती जागतिक क्रमवारीत पहिल्या स्थानी पोहोचली. विमानातून उतरायचे, वेगळ्या हॉलमधल्या वाऱ्याचा आणि शटलच्या वेगाचा अंदाज घ्यायचा, पाच दिवसांत पाच सामने जिंकायचे आणि पुन्हा सामान बांधायचे, हे सलग तीन वेळा करण्यासाठी शरीर आणि मन किती घडलेले असावे लागते, याचा विचार कर. जगज्जेतेपद एका आठवड्याच्या तेजाने मिळू शकते. हे त्याहून कठीण होते, म्हणून मी ते वरचे मानतो.

त्याच वर्षी तिच्यावर एक संकट आले. रिओच्या आधी तिच्या उत्तेजक चाचणीत ट्रायमसिनोलोन हे सूज कमी करणारे स्टेरॉइड आढळले आणि तिला तात्पुरते निलंबित करण्यात आले. दुखापतीवरच्या उपचारासाठी ते इंजेक्शन दिले गेले होते आणि ज्या मार्गाने दिले गेले तो नियमांत बसणारा होता, हे चौकशीत स्पष्ट होऊन ती निर्दोष ठरली. परंतु ऑलिंपिक तोंडावर आलेले असताना खेळाडूने सुनावणीची तयारी करावी, याहून वाईट काय असेल? म्हणून ही सूचना अगदी काटेकोरपणे पाळ: सर्दीची गोळी असो वा गुडघ्यातले इंजेक्शन, डॉक्टरांना आपण स्पर्धात्मक खेळाडू आहोत हे सांगितल्याशिवाय काहीही घेऊ नकोस, आणि प्रत्येक चिठ्ठी तारखेसह जपून ठेव.

शरीराविषयी मला सर्वांत जास्त काळजी वाटते. 2018 मध्ये जागतिक बॅडमिंटन संघटनेने स्पर्धांची नवी रचना आणली तेव्हा एकेरीतल्या पहिल्या 15 खेळाडूंना वर्षाला 12 मोठ्या स्पर्धा खेळणे बंधनकारक झाले. क्रमवारी मात्र 52 आठवड्यांतल्या सर्वोत्तम 10 कामगिरींवर ठरते. हा दुसरा नियम तुझ्यासारख्या नव्या खेळाडूच्या फायद्याचा आहे आणि मुली तोच विसरतात. मिळेल त्या स्पर्धेत नाव देऊन दुखऱ्या घोट्याने पहिल्या फेरीत हरण्यापेक्षा मोजक्या स्पर्धा पूर्ण तयारीने खेळणे शहाणपणाचे आहे. शिवाय सुरुवातीच्या फेऱ्यांत हरणाऱ्याच्या हाती प्रवासखर्चही क्वचितच येतो, हे तुझ्या बाबांसमोर स्पष्टपणे मांडलेले बरे.

तुला रत्चानोकचाच आदर्श हवा असेल तर तो अवश्य ठेव, पण तिच्या शेजारी बुसानन ओंगबामरुंगफानलाही ठेव. ती रत्चानोकपेक्षा वर्षभराने लहान. वर्षानुवर्षे थायलंडचे नाव निघाले की पहिल्यांदा रत्चानोकचे नाव यायचे. जानेवारी 2022 मध्ये दिल्लीत बुसाननने इंडिया ओपन जिंकली आणि अंतिम फेरीत तिच्यासमोर होती तिचीच सहकारी सुपानिदा कातेथोंग, जिने उपांत्य फेरीत सिंधूला हरवले होते. आपल्या नागपूरच्या मालविका बनसोडने साईना नेहवालला हरवले ते याच स्पर्धेत. एकाच देशात एक श्रेष्ठ खेळाडू असणे हे इतर मुलींचे दुर्दैव नसते, हे थायलंडच्या संघाने 2018 च्या उबर चषकातही, म्हणजे महिलांच्या जागतिक सांघिक स्पर्धेतही, दाखवले. बँकॉकमध्ये त्यांनी चीनला हरवून प्रथमच अंतिम फेरी गाठली. रोज सरावाला आपल्यापेक्षा चांगली खेळाडू समोर असणे यासारखी दुसरी शिकवणी नाही. तुझ्या हॉलमधल्या ज्या सीनिअर मुलीशी खेळायला तू टाळाटाळ करतेस, तिच्याशी आठवड्यातून किमान दोनदा पूर्ण तीन गेम खेळ.

जुलै 2022 मध्ये, 27व्या वर्षी, रत्चानोकने मलेशिया ओपनच्या अंतिम सामन्यात टोकियोची ऑलिंपिक विजेती चेन युफेई हिला तीन गेममध्ये हरवले. जमल्यास तो सामना पाहा, आणि 2013 चा ग्वांगझूचा सामनाही. दोन्हींत तिसऱ्या गेममध्ये ती शटल कोठून उचलते आणि दोन रॅलींच्या मध्ये श्वास कसा सावरते, एवढेच टिपून मला कळव. गुण मोजू नकोस.

तुझ्या निर्णयाबद्दल माझे म्हणणे असे: बारावीची परीक्षा दे, आणि महाविद्यालयात नाव घाल. पुढची दोन वर्षे मुख्य प्रवेशासाठी पात्रता फेऱ्या खेळाव्या लागतील, त्यांची तयारी ठेव. त्या काळात तुझ्या खेळात दर सहा महिन्यांनी दिसेल अशी वाढ होत असेल तर पूर्णवेळ खेळण्याबाबत तुझ्या आईबाबांशी मी स्वतः बोलेन. येत्या हंगामाच्या स्पर्धांची यादी आणि घोट्याच्या तपासणीचा अहवाल पुढच्या पत्रासोबत पाठव. यादीतून काय गाळायचे ते आपण मिळून ठरवू.

आईबाबांना नमस्कार सांग.

तुझा शुभचिंतक,
सर