३०२ आता खून नाही, मग पाठ काय करायचं?

(प्रश्न धाराशिव जिल्ह्यातल्या एका विद्यार्थिनीचा. ती तीन वर्षांच्या एलएलबीच्या दुसऱ्या वर्षाला आहे. घरात चुलतभावाची भादंविची (जुन्या भारतीय दंड विधानाची) पुस्तकं आहेत, कॉलेजात त्याच्या जागी आलेली भारतीय न्याय संहिता शिकवतात आणि दोन्हीकडचे आकडे डोक्यात राहत नाहीत. जज व्हायचं स्वप्न सोडून कंपनी कायद्याकडे वळू का, असं ती विचारते.)

चि. विद्यार्थिनीस,

आकड्यांनी सध्या मुरलेल्या वकिलांचाही घाम काढलाय. १ जुलै २०२४ पासून भादंविच्या ५११ कलमांच्या जागी न्याय संहितेची ३५८ आली. त्यामुळे ४२० क्रमांकाचं कलमच उरलं नाही, फसवणूक ३१८ मध्ये गेली. ३०२ आहे, पण ते धार्मिक भावना दुखावण्यासाठी बोललेल्या शब्दांचं. खुनाची शिक्षा १०३ मध्ये आहे. ३०४ म्हणजे पूर्वी सदोष मनुष्यवध, आता चेन स्नॅचिंग! हे सगळं घोकून कोणी चांगला वकील झालेला मी पाहिलेला नाही. बेअर ॲक्ट, म्हणजे कायद्याचं मूळ पुस्तक, टेबलावर असतोच.

तू पाठ करायचीच तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेची, म्हणजे फौजदारी प्रक्रियेच्या नव्या कायद्याची, पहिली अनुसूची कर. गुन्हा, शिक्षा, दखलपात्र की अदखलपात्र, जामीनपात्र की अजामीनपात्र, खटला कोणत्या कोर्टात, असे रकाने आहेत. आपसात मिटवता येणारे गुन्हे वेगळे, कलम ३५९ मध्ये दिलेत.

बांधावरच्या भांडणाचं बघ. एकाने दुसऱ्याच्या कानाखाली मारली, तर ती साधी दुखापत, कलम ११५(२). अदखलपात्र, म्हणून ठाण्यात 'एनसी' (अदखलपात्र गुन्ह्याची नोंद) होते आणि मॅजिस्ट्रेटच्या आदेशाशिवाय पोलिसांना तपास करता येत नाही. त्याच हाणामारीत दात तुटला की ती गंभीर दुखापत, कलम ११७(२), सात वर्षांपर्यंत कैद. आता गुन्हा दखलपात्र, एफआयआर नोंदवावाच लागतो. सात वर्षं ऐकून आरोपीचे घरचे जामिनासाठी धावत येतात. पण रकाना पाहा, गुन्हा जामीनपात्र आहे, म्हणजे जामीन हक्काने मिळतो. शिक्षा मोठी म्हणजे जामीन अवघड, हा हिशेब इथे चुकतो. पहिलं प्रकरण जखमी माणूस स्वतः मिटवू शकतो, दुसऱ्याला कोर्टाची परवानगी लागते. अशिलाला कलमाच्या आकड्याशी देणंघेणं नसतं, जामीन मिळेल का आणि प्रकरण मिटेल का, एवढंच त्याला हवं असतं.

चोरीचंही तसंच. साधी चोरी दखलपात्र आणि अजामीनपात्र. पण माल पाच हजारांच्या आतला, माणूस पहिल्यांदाच दोषी ठरलेला आणि वस्तू किंवा तिची किंमत परत दिलेली असेल, तर शिक्षा सामुदायिक सेवेची. अनुसूचीत हा प्रकार अदखलपात्र आणि जामीनपात्र ठेवलाय. परीक्षेत यावर प्रश्न आला तर मला नवल वाटणार नाही.

चुलतभावाची पुस्तकं रद्दीत घालू नकोस. राज्यघटनेच्या अनुच्छेद २०(१) नुसार, कृत्य घडलं त्या वेळी जो कायदा लागू होता त्याखालीच माणसाला दोषी ठरवता येतं. म्हणजे जून २०२४ मधल्या खुनाला भादंविचं ३०२ च लागतं, एफआयआर नंतर झाला तरी. असे खटले अजून बरीच वर्षं चालतील.

आता कंपनी कायदा. आवड असेल तर खुशाल जा, पण फौजदारी चुकवायला म्हणून जाशील तर फसशील. चेक बाऊन्स हा दोन वर्षांपर्यंत शिक्षेचा गुन्हाच आहे. इतर कायद्यांतल्या गुन्ह्यांसाठी अनुसूचीचा दुसरा भाग आहे: त्या कायद्यात वेगळं काही सांगितलं नसेल, तर तीन वर्षांच्या आतल्या शिक्षेचा गुन्हा अदखलपात्र आणि जामीनपात्र, तीन वर्षं आणि त्यापुढे उलट.

जज होण्याबाबत एक गोष्ट घरी नीट सांग. २० मे २०२५ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने कनिष्ठ स्तरावरच्या न्यायाधीश भरतीसाठी तीन वर्षांच्या वकिलीची अट पुन्हा आणली. तेव्हा पदवी हातात पडताच पुण्यात क्लास लावायचा बेत बदल. आपल्याच तालुक्यात रोज मॅजिस्ट्रेटसमोर उभं राहणाऱ्या वकिलाकडे ज्युनिअर म्हणून लाग. सुरुवातीला पैसे जेमतेम मिळतील, हे वडिलांना आत्ताच सांगून ठेव. एमपीएससीतर्फे होणाऱ्या सहायक सरकारी अभियोक्ता (फौजदारी खटल्यात सरकारची बाजू मांडणारा वकील) भरतीवरही लक्ष असू दे. अटी मात्र त्या त्या वर्षीच्या जाहिरातीतच वाच, व्हॉट्सॲपवर आलेल्या नव्हे.