वेंगुर्ल्यात गावकऱ्यांना दाखवण्यासाठी जीवन, मृत्यू आणि आत्मा यांवरचा रूपकात्मक मूकपट कोणता?

व्हिक्टर स्योस्त्रोमचा १९२१ चा स्वीडिश मूकपट ‘द फँटम कॅरेज’ दाखवा. सेल्मा लागरलॉफ यांच्या १९१२ च्या कादंबरीवर तो बेतलेला आहे. वर्षाच्या शेवटच्या क्षणी जो मरतो, त्याला पुढचं वर्षभर मृत्यूची गाडी हाकत आत्मे गोळा करावे लागतात, ही त्यातली कल्पना. दारूपायी घर उद्ध्वस्त केलेल्या डेव्हिड होल्मसमोर ही गाडी येऊन उभी राहते आणि त्याला स्वतःचं सगळं जगणं पुन्हा पाहावं लागतं. मी तो अनेकदा पाहिला आहे. गाडीवान समुद्रात उतरून बुडालेल्या माणसाचा आत्मा वर आणतो, ते दृश्य किनाऱ्यावरच्या माणसाला समजावून सांगावं लागणार नाही. एकाच फिल्मवर पुन्हा पुन्हा चित्रण करून गाडी अशी पारदर्शक केली आहे की तिच्याआडच्या लाटाही दिसतात. आत्मा पिकण्याआधी त्याची कापणी होऊ नये, ही त्यातली प्रार्थना तर भातशेती करणाऱ्यांना थेट भिडेल. दशावतारात रात्र जागवणाऱ्यांना रूपक नवं नाही आणि हा खेळ जेमतेम पावणेदोन तासांचा आहे.

मात्र संवाद आणि निवेदन लिहिलेल्या मधल्या पाट्या बऱ्याच आहेत आणि कथा भूतकाळात मागे-पुढे जाते. त्यामुळे पाट्यांचं मराठी आधी लिहून ठेवा आणि एखाद्या चांगल्या वाचकाला माईकवर वाचायला बसवा. मालवणीत वाचलं तर आणखी उत्तम.