विचारा ऑपरेटरकाकांना

प्रश्न : माझा मुलगा अकरावीत आहे. दोन पोलिसांच्या हाणामारीचे विनोदी सिनेमे तो टेलिग्रामवरून फुकट उतरवतो. ‘अमेरिकेतल्या करोडपतींचं काय बिघडतं?’ म्हणतो. सासऱ्यांना इंग्रजीचा गंध नाही, पण त्याच्या शेजारी बसून पोट धरून हसतात. मी काय बोलू?
– एक आई, नेरूळ

उत्तर : ताई, आधी सासऱ्यांच्या हसण्याकडे येतो, कारण तिथेच सगळं आहे. मी ठाण्यातल्या एका टॉकीजच्या केबिनमध्ये बावीस वर्षं रिळं चढवली. १९९८चा ‘रश अवर’ मी भिंतीतल्या चौकोनी काचेतून किती वेळा पाहिला असेन! हाँगकाँगचा पोलीस झालेला जॅकी चॅन, लॉस एंजेलिसचा पोलीस झालेला क्रिस टकर. एकाचे हातपाय थांबत नाहीत, दुसऱ्याचं तोंड. शेवटी प्रदर्शनातली मारामारी आहे. गुंड अंगावर येतायत आणि जॅकी मात्र कलंडणाऱ्या पुरातन फुलदाण्या सावरतोय! इथे भाषा कशाला हवी? कपाटावरून बरणी घरंगळली की आपला जीव असाच गोळा होतो. आणि त्या दोघांचं नातं तर आपल्या म्हणीतलं: तुझं माझं जमेना, तुझ्यावाचून करमेना. स्टॉलमधली पोरं आणि बाल्कनीतले आजोबा एकाच क्षणी हसायचे.

थिएटरात बसून चोरून शूट केलेल्या कॅमेरा प्रिंटमध्ये हाच क्षण मरतो. फुलदाणी कलंडते आणि पुढच्या रांगेतलं डोकं आडवं येतं. थिएटरातलं हसू माइकमध्ये फुटतं, त्याखाली पुढचा संवाद बुडतो.

तो म्हणेल, मला स्वच्छ प्रिंट मिळते. मिळत असेल. पण तिकिटातला वाटा थिएटरलाही असतो. त्यातून बॅटरीवाला, डोअरकीपर, झाडू मारणाऱ्या मावशी यांचे पगार निघतात. आमच्याकडे नवा सिनेमा शुक्रवारी लागायचा आणि शनिवारी त्याची सीडी स्टेशनबाहेरच्या फुटपाथवर दिसायची. एका मॅटिनीला खाली नऊ माणसं मोजली मी. पुढच्या महिन्यात दोन डोअरकीपर घरी बसले. एकाची मुलगी तेव्हा दहावीला होती. तिचं त्याला सांगा. आणि एखाद्या रविवारी आजोबा-नातवाला तिकीट काढून द्या.

प्रश्न : थिएटरात मोबाइलवर सिनेमा शूट केला तर खरंच तुरुंग?
– एक कॉलेजकुमार, वागळे इस्टेट

उत्तर : हो. चोरटी प्रत काढण्यासाठी शूटिंग केलं, तर २०२३च्या दुरुस्तीनंतर सिनेमॅटोग्राफ कायद्यात किमान ३ महिने, कमाल ३ वर्षं कैद आहे. दंड ३ लाखांपासून, थेट निर्मितीखर्चाच्या ५ टक्क्यांपर्यंत. शिवाय डिजिटल सिनेमाच्या चित्रात आणि आवाजात आपल्याला न जाणवणारी खूण असते. फुटलेल्या प्रतीतून ती वाचली, की कुठल्या थिएटरात, किती वाजता शूट झालं ते निघतं. मग चौकशीला पहिल्यांदा बोलावणं येतं ते केबिनमधल्या ऑपरेटरला.