चिनी माणसाला कायद्याने काही हक्क आहेत का, की सगळं फक्त कागदावर?

प्रश्नाखाली तुम्ही लिहिलंय, ‘चिनी माणूस सरकारचा गुलाम आहे, तरी देश पुढे गेला, मग आपल्यालाच एवढे हक्क कशाला हवेत?’ मूळ प्रश्नापेक्षा हे वाक्य मला जास्त लागलं. हेच मी आमच्या घरात वर्षानुवर्षं ऐकतेय. माझ्या दिरांचं भोसरीत वर्कशॉप आहे. गणपतीत सगळे जमले आणि जेवणं आटोपली की ‘आपल्याकडे दहा वर्षं चीनसारखा कारभार पाहिजे’ हे सुरू होतं. मी कुनशानमध्ये नोकरी केलीय. शांघायच्या शेजारचं, सूचौच्या हद्दीतलं कारखान्यांचं शहर. तिथे जे बघितलं ते आधी सांगते, कलमं नंतर.

कंपनी पुण्याची, गाड्यांचे सुटे भाग बनवणारी. तिथे आमचा छोटा प्लांट होता आणि मी क्वालिटीत होते. ऑर्डरी घटल्या तसा पुण्याहून निरोप आला, माणसं कमी करा. तिथले आमचे साहेब मराठीच. ते मीटिंगमध्ये म्हणाले, ‘इथे युनियन नाही, कोर्टकचेरी नाही, द्या नारळ.’ डिस्पॅच सांभाळणाऱ्या एक बाई होत्या, आन्हुई प्रांतातल्या, नऊ वर्षं नोकरी झालेल्या. सगळे त्यांना ताई म्हणायचे, चिनीत अर्थात. त्यांना संध्याकाळी बोलावून सांगितलं की उद्यापासून यायचं नाही, या महिन्याचा पगार खात्यावर जमा होईल.

ताई ना रडल्या ना भांडल्या. ‘लेखी द्या’ एवढंच म्हणाल्या. साहेबांनी लगेच पत्र दिलं. ताईंनी मजकूर वाचायच्या आधी खाली बघितलं, कंपनीचा गोल लाल शिक्का आहे ना. चीनमध्ये सहीपेक्षा त्या शिक्क्याला वजन. शिक्का नीट उमटला नव्हता, अर्धवर्तुळ पुसट होतं. त्यांनी तो पुन्हा मारून घेतला आणि पत्र घडी न करता फाइलमध्ये ठेवलं.

दोन-चार दिवसांनी त्यांनी मला ती फाइल कँटीनच्या टेबलावर उघडून दाखवली. नोकरीचे सगळे करार, बँकेतल्या पगाराच्या नोंदी, हजेरीच्या ॲपचे फोटो, ‘आज रात्री थांबा, कंटेनर निघायचाय’ असे साहेबांचे वीचॅटवरचे (तिथलं व्हॉट्सॲपच) निरोप छापून घेतलेले. प्रत्येक पानावर हाताने क्रमांक. शेवटी कामगार करार कायद्याची पानं, त्यात कलम ४७ आणि ८७ पिवळ्या शाईने रंगवलेली. ताईंचं शिक्षण शाळेपुरतंच. ही तयारी त्यांनी कुठल्या वकिलाकडून करून घेतली नव्हती. फोनवरचे व्हिडिओ बघून आणि गावाकडच्या मैत्रिणींना विचारून केली होती.

तो कायदा १ जानेवारी २००८ पासून लागू आहे. कामाला घेतल्यापासून महिन्याच्या आत लेखी करार केला नाही, तर मालकाला दुप्पट पगार द्यावा लागतो. ठरावीक मुदतीचे दोन करार झाले किंवा दहा वर्षं भरली, की कामगार बिनमुदतीचा करार मागू शकतो. काढायचं तर दर वर्षामागे एका महिन्याचा पगार, आणि बेकायदा काढलं तर त्याच्या दुप्पट. काढण्याचं कारण मालकानेच सिद्ध करायचं. मालक-कामगारांचे तंटे सोडवणाऱ्या लवादाकडे जायला एक पैसाही फी नाही, आणि निकाल साधारण दीड-दोन महिन्यांत द्यायचा असं कायदाच सांगतो.

साहेबांनी तिथल्या वकिलाला विचारलं, तेव्हा त्यांचं धाबं दणाणलं. वकील स्वच्छ म्हणाला, तुम्ही हरणार. नऊ वर्षांचे नऊ महिने, त्याचे दुप्पट अठरा. शेवटी लवादाच्या मध्यस्थापुढे बसून कंपनीने तेवढे मोजले. ज्या माणसाने ‘इथे कोर्टकचेरी नाही’ म्हटलं होतं, त्यानेच त्या कागदावर सही केली.

आता आपल्याकडचा हिशेब बघा. औद्योगिक विवाद कायद्यापासून चालत आलेली कपातीची भरपाई म्हणजे दर वर्षामागे पंधरा दिवसांचा पगार. तोही निदान वर्षभर सलग नोकरी झालेल्या कामगाराला. चाकणमध्ये वर्षानुवर्षं त्याच मशिनवर उभा असलेला पोरगा कागदावर ठेकेदाराचा माणूस असतो, आणि ठेकेदाराचं नाव बदललं की त्याची नोकरी पहिल्या दिवसापासून मोजतात. चीनने २०१४ मध्ये नियम केला की एजन्सीमार्फत घेतलेले कामगार एकूण माणसांच्या दहा टक्क्यांपेक्षा जास्त नकोत. त्यालाही तिथे पळवाटा आहेत, सगळं काम बाहेरच्या ठेक्यावर दाखवायचं वगैरे. पण नियम तरी आहे. आपल्याकडे कामगार न्यायालयात गेलेल्या माणसाची केस त्याच्या मुलाच्या लग्नापर्यंत चालते, हे मी माझ्या माहेरीच बघितलंय. म्हणून ‘चीन पुढे गेला कारण तिथे कामगाराला हक्क नाहीत’ असं कुणी म्हटलं की मला राहवत नाही. एकट्या कामगाराला कायद्याने दिलेले हक्क तिथे आपल्यापेक्षा जास्तच आहेत, आणि लोक ते सोडत नाहीत.

आता दुसरी बाजू, कारण तीही मी त्याच गेटवर बघितली.

ताईंबरोबरच लाइनवरची दहा-बारा पोरंही काढली होती. त्यांनी वीचॅटवर ग्रुप केला आणि एका सकाळी गेटवर लाल कापडाचा फलक धरून उभी राहिली, आमच्या घामाचे पैसे द्या म्हणून. घोषणा नाही, दगड नाही. थोड्या वेळात पोलीस आले. फलक गुंडाळला, प्रत्येकाच्या ओळखपत्राचा फोटो घेतला आणि ज्याने ग्रुप सुरू केला होता त्याला ठाण्यावर नेलं. दुसऱ्या दिवशी तो परत आला. कुणाशी काही बोलला नाही, ग्रुप बंद केला आणि खोली सोडून गावी गेला. बाकीच्यांना पैसे मिळाले, पण प्रत्येकाने वेगवेगळा अर्ज केल्यावर.

ताई त्या ग्रुपमध्ये गेल्याच नव्हत्या. मी विचारलं तेव्हा म्हणाल्या, ‘मी एकटी गेले तर ती तक्रार. आम्ही सगळे गेलो तर तो गोंधळ.’

तुमच्या प्रश्नाचं माझ्या मते खरं उत्तर या दोन वाक्यांत आहे. चिनी नागरिकाला हक्क आहेत, एकट्याने मागितले तर. दोघं-चौघं मिळून मागायला गेले की त्याच मागणीचा गुन्हा होतो. १९८२ च्या चिनी राज्यघटनेचं कलम ३५ उघडून बघा. भाषण, मुद्रण, सभा, संघटना, मिरवणूक, निदर्शनं, सगळी स्वातंत्र्यं एका ओळीत लिहिलेली आहेत. कलम ४१ तर कुठल्याही सरकारी अधिकाऱ्यावर टीका करायचा हक्क देतं. मग कलम ५१ येतं: हक्क वापरताना देशाच्या, समाजाच्या, समूहाच्या हिताला धक्का लागता कामा नये. धक्का लागला की नाही हे ठरवणार सरकार. १९७५ आणि १९७८ च्या घटनांमध्ये संपाचा हक्क होता, तो १९८२ मध्ये काढून टाकला. १९८९ मध्ये तिआनमेन चौकातलं विद्यार्थ्यांचं आंदोलन चिरडल्यावर काही महिन्यांतच सभा-मोर्चांचा कायदा आला, त्यात आधी पोलिसांची परवानगी हवी. २००८ च्या ऑलिंपिकच्या वेळी बीजिंगमध्ये निदर्शनांसाठी तीन बागा राखून ठेवल्या होत्या. ७७ अर्ज आले, परवानगी एकालाही मिळाली नाही. उलट अर्ज करणाऱ्या, सत्तरी ओलांडलेल्या दोन म्हाताऱ्यांना ‘श्रमातून सुधारणे’ची, म्हणजे छावणीत ठेवून सक्तीने काम करून घ्यायची, एक वर्षाची शिक्षा सुनावली. जगभर बोभाटा झाल्यावर ती मागे घेतली.

युनियनचंही तेच. पक्षाच्या हाताखालचा एकच अखिल चीन कामगार महासंघ, दुसरा काढायचा नाही. २०१८ मध्ये शेन्झेनला जासिक नावाच्या, वेल्डिंगची यंत्रं बनवणाऱ्या कंपनीतल्या कामगारांनी त्याच महासंघाची शाखा काढायचा प्रयत्न केला, तर त्यांना अटक झाली. पाठिंबा द्यायला आलेल्या विद्यापीठातल्या पोरापोरींनाही उचललं. ती पोरं स्वतःला मार्क्सवादी म्हणवत होती, कम्युनिस्ट देशात.

एक माणूस मात्र नीट लक्षात ठेवा. २००३ मध्ये ग्वांगझोऊत सुन झिगांग नावाच्या सत्तावीस वर्षांच्या तरुणाला, तात्पुरत्या वास्तव्याचा परवाना जवळ नव्हता म्हणून, पोलिसांनी धरलं. कोठडीत मारहाण होऊन तो मेला. तीन तरुण कायदेपंडितांनी संसदेच्या स्थायी समितीला पत्र लिहिलं की असं धरून गावी पाठवायची पद्धतच घटनेविरुद्ध आहे. साधारण महिनाभरात सरकारने ती रद्द करत असल्याचं जाहीर केलं. त्या तिघांपैकी एक शू झियोंग. पुढे त्यांनी लोक जमवायला सुरुवात केली. मागण्या साध्या: अधिकाऱ्यांनी मालमत्ता जाहीर करावी, आणि परगावाहून आलेल्या कामगारांच्या मुलांना जिथे राहतात तिथेच शिकू द्यावं, परीक्षा देऊ द्यावी. २०१४ मध्ये त्यांना चार वर्षांची शिक्षा झाली. आरोप, गर्दी जमवून सार्वजनिक व्यवस्था बिघडवली. सुटल्यावर पुन्हा मित्रांना भेटले, बोलले, लिहिलं. २०२३ मध्ये चौदा वर्षं. पत्र लिहिणारा तोच, मागण्या त्याच जातीच्या. बदललं एवढंच की पुढच्या वेळी तो एकटा-दुकटा नव्हता.

मुलांच्या शिक्षणाची ती मागणी ताईंच्याही घरातली होती. त्यांचा मुलगा गावी आजीजवळ वाढला, कारण त्यांचं हुकोऊ, म्हणजे १९५८ पासून चालत आलेली गावची नोंद, आन्हुईचं. अठरा महिन्यांचा पगार त्या फाइलच्या जोरावर मिळवू शकल्या. मुलाला शहराच्या चांगल्या सरकारी शाळेत जागा मिळवायला कुठलंच कलम हाताशी नव्हतं. ती लढाई एकटीने लढता येण्यासारखी नसतेच मुळी.

पोलिसांनी उचललं तर काय, असंही तुम्ही विचारलंय. घटनेचा आधार घेऊन कायदा रद्द करून घ्यायची सोय चिनी कोर्टात नाही. मूलभूत हक्कांसाठी थेट सर्वोच्च न्यायालयात जाऊ देणाऱ्या आपल्या कलम ३२ सारखं तिथे काही नाही. २००१ मध्ये तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने एका प्रकरणात घटनेतला शिक्षणाचा हक्क थेट लागू होतो असं म्हटलं होतं, २००८ मध्ये तेही मागे घेतलं. अटकेला सरकारी वकिलाची मंजुरी मिळेपर्यंत ३७ दिवस कोठडीत ठेवता येतं. देशाच्या सुरक्षेचं प्रकरण म्हटलं तर पोलीस सांगतील त्या जागी सहा महिन्यांपर्यंत, घरच्यांना पत्ता न देता. सरकारी कचेरीविरुद्ध दावा लावता येतो, तो कायदा १९९० पासून आहे आणि जमीन गेलेले लोक तो वापरतात. पण फौजदारी खटला उभा राहिला की शंभरातले नव्याण्णवहून जास्त दोषी ठरतात. तिथे ताईंची फाइल कामाची नाही.

आता दिरांसाठी, आणि तुम्हीही त्यांच्याच पंक्तीतले दिसता म्हणून तुमच्यासाठीही. चीनसारखं हवं ना? मग आधी वर्कशॉपमधल्या आठ माणसांना महिन्याच्या आत लेखी करार द्या, ओव्हरटाइम दीडपट द्या, काढताना वर्षामागे एका महिन्याचा पगार हातावर ठेवा. हे ऐकलं की दीर विषय बदलतात. कारण त्यांना चीनमधलं हवंय ते एवढंच की चार माणसांनी एकत्र येऊन दारात उभं राहू नये. आपल्याकडे सात कामगारांना युनियनच्या नोंदणीचा अर्ज करता येतो, १९२६ च्या कायद्यापासून, इंग्रजांच्या काळापासून. तो हक्क काही आपोआप आला नाही, गिरणगावात माणसांनी त्याच्यासाठी पगार बुडवले, लाठ्या खाल्ल्या. तुम्ही ‘एवढे हक्क’ म्हणता तेव्हा हाच सोडून द्यायचं म्हणताय, आणि चिनी कामगाराला नेमका हाच हवा आहे.

याचा अर्थ आपल्याकडे सगळं आलबेल असा नाही. यूएपीए या दहशतवादविरोधी कायद्याखाली खटला सुरू न होता वर्षानुवर्षं तुरुंगात असलेली माणसं आपल्याकडेही आहेत, आणि तेव्हा घटनेतलं कलम ३२ फार लांब वाटतं.

शिवाय मी सांगितलं ते समुद्राकाठच्या श्रीमंत प्रांतातलं, तेही बहुसंख्य असलेल्या हान चिनी कामगाराचं. कुनशानचा लवाद जसा चालतो तसा आतल्या छोट्या जिल्ह्यात चालेलच असं नाही. पश्चिमेकडच्या शिनच्यांगमधल्या मुस्लिम उइगुर माणसाला तर यातलं काहीच लागू होत नाही. तिथे २०१६ पासून लोकांना पासपोर्टही पोलिसांकडे जमा करायला लावले, आणि त्यानंतर लोकांना डांबून ठेवायच्या छावण्या आल्या. तिबेट आणि २०२० च्या सुरक्षा कायद्यानंतरचं हाँगकाँग हेही वेगळे विषय आहेत. त्याबद्दल स्वतंत्र प्रश्न टाका, तिथे राहिलेल्या कुणीतरी उत्तर द्यावं.