वायफायचा डबा हॉलमधून बेडरूममध्ये न्यायचा आहे, कोणती फायबर केबल घेऊ?

सिंगल मोडच (बारीक गाभ्याची, प्रकाशाला एकच वाट असलेली फायबर) घ्या. दुकानदार मल्टिमोड (जाड गाभ्याची, ओएम३, ओएम४ अशा प्रकारांची) भारी म्हणून गळ्यात मारेल, पण घरी येणारी लाइन सिंगल मोड असते. तिथे मल्टिमोड चालत नाही. पुड्यावर जी.६५७.ए२ (जास्त वाकणाऱ्या फायबरचं मानक) लिहिलंय का बघा. ही ७.५ मिमी त्रिज्येपर्यंत वळते, म्हणून दाराच्या चौकटीवरून, कोपऱ्यातून नेता येते. साध्या जी.६५२.डीला ३० मिमी लागतात.

कनेक्टरचा रंग मात्र आधी तपासा. हिरवा एपीसी (टोक तिरकं घासलेलं), निळा यूपीसी (टोक सरळ). हिरव्यात निळा खोचलात तर टोकं नीट टेकत नाहीत, सिग्नल पडतो. आणि हो, चालू केबलच्या टोकात डोळा लावून बघू नका, लेझर दिसत नसतो.

राउटरपासून टीव्हीपर्यंत? तिथे कॅट ६ (तांब्याची नेटवर्क केबल) पुरे.