पत्रांना उत्तरं : लिव्ह उलमन, नोराचं दार आणि आपली अहिराणी

मागच्या अंकात नॉर्वेच्या नटी लिव्ह उलमन यांच्याबद्दल मी जेमतेम चार ओळी लिहिल्या होत्या. त्यांचं आत्मचरित्र इंग्रजीतून वाचलं आणि आठवडाभर दुसरं काही सुचलं नाही, एवढंच त्यात होतं. त्यावर इतकी पत्रं आली की या वेळचं सगळं सदर त्यांनाच देते आहे.

ताई, मी शहाद्याला बी.ए.च्या शेवटच्या वर्षाला आहे. एका मोठ्या नाट्यशिक्षण संस्थेच्या प्रवेशचाचणीत माझी निवड झाली नाही. घरचे म्हणतात, आता बी.एड. कर. लिव्ह उलमन अभिनय कुठे शिकल्या?

बाळ, तुझं पत्र मी दोनदा वाचलं. तू विचारलंस एक आणि तुला हवंय दुसरंच, म्हणून आधी त्यांची हकिगत सांगते.

त्यांचा जन्म 16 डिसेंबर 1938 चा, तोही टोकियोतला. वडील इंजिनिअर, नोकरीसाठी तिकडे गेलेले. महायुद्ध पेटलं तसं कुटुंब कॅनडाला गेलं. लिव्ह सहा वर्षांच्या असताना वडील वारले आणि आई दोन मुलींना घेऊन नॉर्वेत, त्रोन्हैम गावी परतली. शाळा अर्धवट सोडून लिव्ह लंडनला गेल्या, तिथे काही महिने अभिनयाचे धडे घेतले. परत येऊन ऑस्लोच्या राष्ट्रीय नाट्यशाळेची चाचणी दिली, आणि त्यांना प्रवेश मिळाला नाही. ज्या बाईंना पुढे साऱ्या जगाने डोक्यावर घेतलं, त्यांनाच राजधानीतल्या नाट्यशाळेने दारातून परत पाठवलं होतं.

मग त्या गेल्या स्टाव्हांगरला. आज ते तेलाचं शहर म्हणून माहीत आहे, पण समुद्रातलं तेल सापडलं 1969 मध्ये. लिव्ह गेल्या तेव्हा ते मासे डबाबंद करणाऱ्या कारखान्यांचं गाव होतं. तिथल्या रोगालान थिएटरमध्ये 1957 साली त्यांना अॅन फ्रँकची भूमिका मिळाली. वय अठरा. नाझींच्या भीतीने पोटमाळ्यावर लपून राहिलेली ती ज्यू मुलगी त्यांनी अशी उभी केली की गावाने त्यांना आपलं म्हटलं. पुढची काही वर्षं त्या तिथेच काम करत शिकल्या. त्यांची खरी नाट्यशाळा ती.

पण तुला खोटा दिलासा देणार नाही. स्टाव्हांगरच्या त्या थिएटरात नटांना पगार होता, महिन्यामागून महिने नवं नाटक बसत होतं. आपल्या खानदेशात तसं एकही थिएटर नाही. आपल्याकडे आहेत हौशी संस्था, कॉलेजच्या एकांकिका आणि जळगावच्या केंद्रावरची राज्य नाट्य स्पर्धा. दिवसभर नोकरी आणि रात्री तालीम, हेच आपलं गणित. म्हणून घरच्यांशी भांडू नकोस, बी.एड. कर. पण या पावसाळ्यातच एखाद्या संस्थेत जा आणि मिळेल ते काम घे. मी विसाव्या वर्षी लग्न होऊन भुसावळला आले, यजमान रेल्वेत. पहिली दोन वर्षं मी विंगेत बसून फक्त प्रॉम्प्टिंग केलं. दुसऱ्याचं वाक्य कुठे अडतं, कुठे सुटतं, श्वास कुठे घेतला जातो, हे मी हातात वही घेऊन तिथे शिकले. पहिली भूमिका मिळाली तेव्हा अख्खं नाटक मला पाठ होतं, इतरांच्या वाक्यांसकट.

लिव्ह उलमन स्वीडिश ना? तुम्ही नॉर्वेजियन लिहिलंत. (चाळीसगाव)

नॉर्वेजियनच. घोटाळा होतो तो स्वीडनचे दिग्दर्शक इंगमार बर्गमन यांच्यामुळे. ‘पर्सोना’ (1966) ते ‘साराबान्द’ (2003) अशा त्यांच्या दहा कलाकृतींत लिव्ह आहेत. दोघं काही वर्षं फोरो नावाच्या बेटावर एकत्र राहिली, लग्न केलं नाही. त्यांची मुलगी लिन आज नॉर्वेतली नावाजलेली कादंबरीकार आहे. लिव्ह हा शब्दही नॉर्वेजियन, अर्थ ‘जीवन’.

मी साक्रीचा. आमचा गट एक गंभीर नाटक अहिराणीत करू पाहतोय. स्पर्धेतले अनुभवी लोक म्हणतात, अहिराणीत माणसं हसतील, प्रमाण मराठीत करा. तुमचं मत काय?

माझं माहेर पारोळा तालुक्यातलं. आई शेवटपर्यंत अहिराणीच बोलली, आणि तिचं सगळं दुःखही अहिराणीतच होतं. त्यामुळे या प्रश्नावर मला तटस्थ राहता येणार नाही.

लिव्ह उलमन यांच्याच आयुष्यातली एक गोष्ट सांगते. स्टाव्हांगरनंतर त्या ऑस्लोला आल्या आणि ‘दे नोर्स्के तेआत्रे’ या रंगमंदिरात काम करू लागल्या. हे रंगमंदिर 1912 साली स्थापन झालं ते एकाच हट्टापायी. नाटक निनोर्स्कमध्ये होईल, शहरी लोकांच्या डॅनिश वळणाच्या भाषेत नाही. ही निनोर्स्क आली कुठून? शेतकऱ्याच्या घरात जन्मलेला ईव्हार ओसेन नावाचा माणूस 1842 पासून चार वर्षं खेडोपाडी हिंडला, बोली टिपत गेला. त्या बोलींच्या आधारावर त्याने व्याकरण लिहिलं, शब्दकोश केला. 1885 मध्ये त्या भाषेला सरकारी मान्यता मिळाली. तरीही 1913 साली राजधानीत त्या भाषेतले प्रयोग सुरू झाले तेव्हा शहरातल्या शिकलेल्या तरुणांनी शिट्ट्या फुंकून दंगा केला. गावंढळ भाषा नाटकात नको म्हणून. प्रयोग थांबले नाहीत. ते रंगमंदिर आजही चालू आहे.

आणि त्याच रंगमंदिरात लिव्हनी जर्मन नाटककार ब्रेख्तच्या ‘कॉकेशियन चॉक सर्कल’मधली ग्रुशा केली. आपल्याकडे हे नाटक खानोलकरांनी ‘अजब न्याय वर्तुळाचा’ म्हणून आणलं, विजयाबाई मेहतांनी बसवलं. ग्रुशा ही वाड्यातली मोलकरीण. बंड होतं, मालकीण स्वतःचं तान्हं मूल टाकून पळून जाते, आणि हिला ते दिसतं. उचलावं की निघून जावं? उचललं तर जीव धोक्यात. ती लगेच उचलत नाही, हे त्या प्रसंगाचं मोठेपण. रात्रभर बाजूला बसून राहते, पहाटे उचलते.

आता त्या प्रसंगात आपल्या बाजूची बाई बसवून बघा. तिच्या तोंडून काय येईल? ‘हाऊ कोना पोऱ्या शे?’ यात हसण्यासारखं काय आहे? अहिराणीला लोक हसतात, कारण आपण ती रंगमंचावर आणली ती फक्त हसवायला. गडी अहिराणीत बोलतो, म्हातारी अहिराणीत बोलते, आणि नायक-नायिका प्रेमात पडल्या की पुण्याची भाषा बोलायला लागतात. पन्नास वर्षं हेच केल्यावर प्रेक्षकांनी दुसरं काय करावं? तुम्ही पहिल्या पाच मिनिटांत एकही विनोदी वाक्य ठेवू नका. प्रेक्षक सवयीने हसतील. हसू द्या, नटांनी थांबू नये. दहाव्या मिनिटाला शांतता होईल. तालमीला गावातल्या दोन म्हाताऱ्या बायांना बसवा आणि त्यांनी ‘आम्ही असं नाही बोलत’ म्हटलं की तिथल्या तिथे वाक्य बदला. प्रयोगाची तारीख कळवा, मी येणार आहे.

आम्ही चोपड्याला महिला मंडळातर्फे इब्सेनचं ‘डॉल्स हाउस’ बसवतो आहोत. नोरा नवरा आणि तीन मुलं सोडून घराबाहेर पडते, हा शेवट काही सदस्यांना मान्य नाही. शेवटी ती मुलांसाठी थांबते असं दाखवलं तर चालेल का? लिव्ह उलमन यांनी ही भूमिका केली होती म्हणे.

हो, 1975 साली न्यूयॉर्कच्या लिंकन सेंटरमध्ये, इंग्रजीतून. नवऱ्याच्या भूमिकेत सॅम वॉटरस्टन होते. इब्सेन नॉर्वेचाच. म्हणजे परक्या भाषेत, स्वतःच्या देशाच्या सर्वांत गाजलेल्या बाईची भूमिका. पुढे इब्सेनच्याच ‘गोस्ट्स’मध्येही त्या न्यूयॉर्कच्या रंगमंचावर आल्या.

तुम्हाला पडलेला प्रश्न नवा नाही. नाटकाचा पहिला प्रयोग 1879 च्या डिसेंबरात कोपनहेगनला झाला. लगेच जर्मनीतल्या हेडविग नीमान-राबे या प्रसिद्ध नटीने कळवलं की मी माझ्या मुलांना कधीच सोडणार नाही, म्हणून हा शेवट मी करणार नाही. दुसऱ्या कुणी मोडतोड करण्यापेक्षा मीच करतो म्हणून इब्सेनने नाइलाजाने वेगळा शेवट लिहून दिला. त्यात नवरा नोराला झोपलेल्या मुलांच्या दाराशी नेतो आणि ती तिथेच कोसळते. पण इब्सेन स्वतः त्याला नाटकावरचा रानटी अत्याचार म्हणाला. तो शेवट टिकला नाही.

आपल्या मराठीने तर नॉर्वेकडून आधीच घेतलं आहे. 1933 मध्ये नाट्यमन्वंतर या संस्थेने केलेलं ‘आंधळ्यांची शाळा’ हे ब्यर्नसन या नॉर्वेजियन लेखकाच्या नाटकावरून वर्तकांनी लिहिलं होतं. याच ‘डॉल्स हाउस’वरून अनंत काणेकरांनी ‘घरकुल’ केलं. रांगणेकरांच्या ‘कुलवधू’तही, 1942 साली, ज्योत्स्नाबाई भोळे यांची भानुमती घर सोडतेच. तेव्हाच्या बायांनी ते पाहिलं आणि पचवलं. मग आज चोपड्याला का अडावं?

मी नोरा केली ती रेल्वे इन्स्टिट्यूटच्या हॉलमध्ये. शेवटच्या संवादाला मागच्या रांगेतून कुणीतरी ओरडलं, ‘पोरं कोण सांभाळील?’ माझे पाय लटपटले. मी त्या दिशेला न बघता पुढचं वाक्य घेतलं. ते वाक्य त्याच्याच प्रश्नाचं उत्तर होतं, हे मला तेव्हा, तिथे उभी असताना कळलं. नोरा म्हणते, मुलं वाढवायला मी लायक नाही, आधी मला स्वतःला घडवायला हवं. मुलांवर माया नाही म्हणून ती जात नाही. एवढ्यासाठीच पहिल्या अंकातला मुलांशी लपाछपी खेळण्याचा प्रसंग कापू नका. वेळ वाचवायला सगळे आधी तोच कापतात. तो गेला की नोरा निष्ठुर वाटते आणि तुमच्या सदस्यांची तक्रार खरी ठरते.

शेवटचा दार बंद होण्याचा आवाज रेकॉर्ड लावून देऊ नका. आम्ही विंगेमागे लोखंडी पत्र्याची जुनी ट्रंक ठेवली होती आणि तिच्यावर सागवानी फळी आपटली. तो आवाज छातीत बसतो.

लिव्ह उलमन यांचा एकच सिनेमा पाहायचा तर कोणता? (नंदुरबार)

तुमच्या बाजूने दर वर्षी घरंच्या घरं कामासाठी सुरतेला जातात, म्हणून आधी ‘द एमिग्रंट्स’ (1971) सुचवावासा वाटला. नापिकीला कंटाळून स्वीडनमधून अमेरिकेला निघालेलं शेतकरी जोडपं, लिव्ह आणि माक्स फॉन सिडो. यासाठी त्यांना ऑस्करचं पहिलं नामांकन मिळालं. (दुसरं ‘फेस टू फेस’साठी, आणि 2022 मध्ये सन्मानाचं ऑस्कर.)

पण एकच म्हणता, तर ‘ऑटम सोनाटा’ (1978). आई जगप्रसिद्ध पियानोवादक, ती भूमिका इन्ग्रिड बर्गमन यांची. मुलगी एव्हा, म्हणजे लिव्ह. वर्षांनी आई घरी येते. मुलगी भीतभीत शोपँची एक छोटी रचना वाजवून दाखवते. आई ऐकते, मग स्वतः पियानोशी बसते आणि ती कशी वाजवायची ते समजावत वाजवते. पुढे पूर्ण वेळ लिव्ह काही बोलत नाहीत. शेजारी बसून आईच्या चेहऱ्याकडे बघत राहतात, बस्स. त्या नजरेत आधी कौतुक आहे, मग मार खाल्लेलं लेकरू, मग त्याखाली काहीतरी थंड, कठीण. हा सिनेमा पाहून मी रात्रीच्या पॅसेंजरने भुसावळला परतत होते. आई जाऊन सहा महिने झाले होते. तिने माझं एकही नाटक पाहिलं नव्हतं, आणि ‘ये’ असं मीही तिला कधी म्हटलं नव्हतं.