तेराव्याला गोड का खाल्लं?

प्रिय सोनू,

परवा रात्री भांडी पुसता पुसता तू विचारलंस, "आई, तेराव्याला तुम्ही सगळ्यांनी श्रीखंड-पुरी खाल्लीत. म्हणजे आजीचं दुःख त्या दिवशी संपलं ना? मग तू अजून बाथरूममध्ये नळ सोडून का रडतेस?" मी काहीच बोलले नाही. नळाचं तुला कळलंय हे मला माहीत नव्हतं. तोंडी सांगायला गेले तर मध्येच गळा दाटेल, म्हणून लिहिते.

संपलं नाही गं. सुतकाच्या दिवसांत घर रोजच्या वागण्यातून बाजूला झालेलं असतं. देवपूजा नाही, सणवार नाही, गोडधोड नाही. दहाव्याला पिंडदान होतं आणि तेराव्याला आपली माणसं एका पंगतीत बसून दुःखातल्या माणसाच्या पानात आग्रहानं गोड वाढतात. आता तू परत घरात, चुलीपाशी, कामाला यायला हरकत नाही, एवढाच त्याचा अर्थ मला लागतो. माझ्या घशाखाली तो घास उतरत नव्हता. मावशीनं पाठीवर हात ठेवला आणि म्हणाली, "खा, तिला आवडायचं." तेवढ्यासाठी खाल्ला.

मी पोचले चौथ्या दिवशी. तिचं शेवटचं दर्शन मला मामाच्या फोनवर झालं, इथे ओट्यापाशी उभ्यानं, आणि चित्र सारखं अडकत होतं. दुःख म्हणजे रडू, असं मला वाटायचं. पण आधी रडू आलंच नाही. भीती आली. परीक्षेच्या आधी तुझ्या पोटात खड्डा पडतो ना, तसा, फक्त ती परीक्षा काही सुरूच होत नव्हती. छातीवर पाटा ठेवल्यासारखं व्हायचं. परत आल्यावर तुझ्या शाळेच्या फॉर्मवर सही करायला बसले, तर आपलं आडनाव कसं लिहायचं तेच सुचेना. आणि राग यायचा. दुकानात एक बाई तिच्या म्हाताऱ्या आईवर खेकसत होती. मला तिचा इतका राग आला की सामान तिथेच टाकून बाहेर आले. तू त्या दिवशी विचारलंस की दूध का नाही आणलं. ते हे.

भेटायला येणाऱ्यांबद्दलही तू मागे विचारलं होतंस, की आधीच रडणाऱ्यांच्या घरी इतकी माणसं का जातात. मलाही सुरुवातीला ते नकोसं व्हायचं. जो येई तो मामाला विचारी, "कसं झालं?" आणि मामा पहिल्यापासून सांगे. पहाटे पाणी मागितलं, मग म्हणाली जरा पडते, मग हाक मारली तर ओ नाही. दिवसातून दहा वेळा तेच. मला वाटायचं, त्याला का छळताहेत? पण नवव्या दिवसापर्यंत त्याच्या सांगण्यात फरक पडला होता. आधी तो "आई पडलीय" म्हणायचा, आता "आई गेली" म्हणू लागला. मला मात्र इथे कुणी विचारत नाही. ऑफिसात सगळे चांगले आहेत, कार्डावर सह्या करून दिल्या, पण "कसं झालं?" हे कुणी विचारलं नाही. तू विचारलंस.

अजून एक बघ. आपण कुणाच्या घरून निघताना "जातो" म्हणत नाही, "येतो" म्हणतो. आजी तर तुला फोन ठेवतानासुद्धा "जाते" म्हणू द्यायची नाही. पण दुःखाच्या घरातून उठताना "येतो"ही म्हणत नाहीत. या घरावर पुन्हा अशी भेटायला यायची वेळ येऊ नये म्हणून. माणूस मुकाट्यानं उठतो, चप्पल घालतो आणि निघतो. ती शांतता मला कुठल्याही सांत्वनापेक्षा बरी वाटली.

दहाव्याला पिंड ठेवले आणि कावळ्याची वाट पाहत उभे राहिलो. गेलेल्या माणसाची इच्छा राहिली असेल तर कावळा शिवत नाही, असं मानतात. म्हणून एकेक जण हात जोडून कबूल करतो. मामा म्हणाला, तुळशीला रोज पाणी घालीन. मामी म्हणाली, तुमच्या भिशीचे पैसे पोचवीन. मी म्हणाले, वर्षातून एकदा तरी येईन. इतकी वर्षं फोनवर जे बोलायचं टाळलं, ते मी घाटावर मोठ्यानं बोलले. कावळा आलाच नाही. शेवटी गुरुजींनी दर्भाचा कावळा करून शिववला. मामा म्हणाला, "ती सगळ्यांचं झाल्यावरच जेवायची." तेव्हा मला पहिल्यांदा रडू आलं.

तुमच्या शाळेत दुःखाच्या पाच पायऱ्या सांगितल्या, नकारापासून स्वीकारापर्यंत, असं म्हणालीस. डॉ. एलिझाबेथ कुब्लर-रॉस यांनी १९६९ साली त्या मांडल्या, पण मुळात त्या स्वतः मरणाला सामोऱ्या जाणाऱ्या रुग्णांशी बोलून सुचलेल्या. मागे राहिलेल्यांनाही त्या नंतर लावल्या गेल्या. मी कितव्या पायरीवर आहे ते शोधू नकोस. माझं असं चढत जात नाही. आठवडाभर बरी असते, मग कढईत मोहरी तडतडते आणि मी पुन्हा पहिल्या दिवशी असते.

आणि हे तुला घाबरवायला नाही, खरं आहे म्हणून सांगते. मला कधीकधी तिची हाक ऐकू येते. वेल्समधल्या डॉ. देवी रीस यांनी २९३ विधवा-विधुरांशी बोलून १९७१ साली एक पाहणी प्रसिद्ध केली. त्यांतल्या जवळजवळ निम्म्यांना असे अनुभव आले होते: कुणाला आपलं गेलेलं माणूस जवळ असल्याचं जाणवायचं, कुणाला ते दिसायचं वा ऐकू यायचं. हे वाचलं आणि मला हायसं वाटलं. मी वेडी होत नाहीये, सोनू.

भेटायला आलेल्या एका आजोबांनी मला "आत्मा अमर आहे, शोक करू नये" असं सांगितलं. ते चांगल्या मनानंच म्हणाले. पण ज्ञानेश्वरांनी १२९६ साली आळंदीला समाधी घेतली तेव्हाचा निवृत्तिनाथांचा शोक नामदेवांच्या अभंगांत आहे. निवृत्तिनाथ त्यांचे थोरले भाऊ आणि गुरूही. आत्मा अमर आहे हे ज्यांनी शिकवलं, त्यांनाही सावरायला माणसं लागली. मग मी कोण?

शेवटचा तुझा प्रश्न, तू दारातून जाता जाता विचारलास तो: माझ्यासमोर आजीचं नाव काढू की नको? काढ. मला रडू आलं तर येऊ दे, तू खोलीतून जाऊ नकोस. मागच्या सुट्टीत तुम्ही दोघी दुपारभर माडीवर पत्ते खेळत होतात आणि ती खिदळत होती, ते मी खालून नुसतं ऐकलं. काय चाललं होतं ते मला कधीच कळलं नाही. आता ते फक्त तुलाच माहीत आहे. रविवारी सांगशील?

तुझी,
आई